बापाचा गृहपाठ

एक माणूस घराच्या अंगणात एकटाच बास्केटमध्ये चेंडू टाकत राहतो आणि आपल्या लहानग्या मुलाला मुद्दाम खेळायला बोलावत नाही. मुलगा आतबाहेर करत पाहत राहतो आणि शेवटी एके दिवशी स्वतःच विचारतो की, मीही टाकून पाहू का. वडिलांच्या हाती जणू मासा लागलेला असतो, पण ते चेहऱ्यावर काही दिसू देत नाहीत. पीट मॅराविच या अमेरिकी बास्केटबॉल खेळाडूने आपल्या बालपणाविषयी पुढे जे सांगितले, त्यात हा प्रसंग आहे, आणि वडिलांनी टाकलेला तो गळ होता हेही त्यानेच सांगितले आहे. तक्रारीचा सूर त्यात नाही. उलट वडिलांच्या हुशारीचे थोडे कौतुकच आहे. पीटविषयी वाचताना मी नेहमी या ठिकाणी थांबतो.

माझ्या थांबण्याला कारण आहे. मी नऊ वर्षांचा असल्यापासून आमचे आप्पा मला तबला शिकवत. आप्पा व्यवसायाने कारकून होते आणि स्वतःला तबलजी म्हणवून घेण्याचे धाडस त्यांनी कधी केले नाही. एसटीच्या प्रवासात ते माझ्या मांडीवर बोटांनी तिरकिट वाजवत आणि मी त्यांच्या मांडीवर त्याचे उत्तर देत असे. तो खेळ होता की रियाज, हे मला तेव्हा कळत नव्हते आणि आजही नक्की सांगता येत नाही. कॉलेजात गेल्यावर माझा तबला सुटला. पीटचा चेंडू सुटला नाही, आणि तो कसा सुटला नाही हे शोधताना मी त्याच्या आयुष्याच्या पहिल्या तेवीस वर्षांत पुन्हा पुन्हा शिरत आलो आहे.

सुरुवात मात्र वडिलांपासूनच करायला हवी. पेटर मॅराविच हे सर्ब स्थलांतरितांच्या समाजातले. पिट्सबर्गजवळच्या ॲलिक्विपा या पोलादनगरीत ते वाढले. हे गाव जोन्स अँड लॉफलिन या पोलाद कंपनीचे. भट्टीच्या भोंग्यावर उठायचे आणि भोंग्यावरच झोपायचे, अशी तिथल्या संसारांची घडी. लहानपणी ते ‘पिट्सबर्ग प्रेस’ हे वर्तमानपत्र विकत, म्हणून त्यांना ‘प्रेस’ हे नाव पडले, आणि जन्मनाव मागे पडून तेच कायमचे चिकटले. बास्केटबॉलमुळे त्यांना कॉलेज मिळाले, म्हणजेच भट्टीपासून सुटका मिळाली. दुसऱ्या महायुद्धात ते नौदलात वैमानिक होते. युद्धानंतर ते यंग्सटाउन बेअर्स आणि मग पिट्सबर्ग आयर्नमेन या संघांतून व्यावसायिक बास्केटबॉल खेळले, पण त्या काळी या धंद्यात पोट भरण्याइतके पैसे नव्हते आणि ते तिशीही ओलांडून गेले होते. खेळाडू म्हणून त्यांची वेळ चुकली होती. २२ जून १९४७ रोजी पीटचा जन्म झाला, तेव्हा प्रेस यांची खेळण्याची वर्षे संपत आली होती आणि प्रशिक्षकाची सुरू व्हायची होती.

वेळ चुकलेल्या बापाला मुलगा होणे ही गोष्ट आपल्या घरांतही काही कमी घडत नाही, आणि तिचे पुढे काय होते हेही आपल्याला ठाऊक असते. प्रेस यांचे वेगळेपण असे की त्यांनी मुलाच्या डोक्यावर केवळ स्वप्न ठेवले नाही, ते स्वप्न गाठण्यासाठी कसरतींची एक संपूर्ण वही बसवून दिली. बापलेक तिला ‘होमवर्क बास्केटबॉल’ म्हणत. त्यातल्या कसरतींना खाण्याच्या पदार्थांची आणि गमतीची नावे होती. ‘प्रेट्झेल’ म्हणजे पाय फाकवून उभे राहायचे, एक हात पुढून आणि एक मागून नेऊन दोन पायांमध्ये चेंडू धरायचा आणि तो जमिनीवर पडण्याआधी हातांची अदलाबदल करायची, जितकी जमेल तितक्या वेगाने. ‘रिकोशे’ म्हणजे चेंडू पुढून पायांमधून जमिनीवर जोरात आपटायचा आणि पाठीमागे हात नेऊन न पाहता झेलायचा. यातल्या बहुतेक कसरतींचा प्रत्यक्ष सामन्यात थेट उपयोग नाही. त्यांचा हेतू एवढाच की चेंडू कुठे आहे हे डोळ्यांनी पाहावे लागू नये, ते हाताला कळावे. तबल्यावरची बोटे न पाहता पडायला हवीत, हे आप्पा मला सांगत, तेव्हा माझ्या डोळ्यांवर उपरणे बांधत असत. प्रेस यांनी तर अंधारातच चेंडू खेळवायला लावला.

या गृहपाठाला घराची हद्द नव्हती. पीट चेंडूचे टप्पे पाडत गावात जाई, सायकल चालवताना टप्पे पाडी, सिनेमा थिएटरात कडेची खुर्ची धरून पॅसेजमध्ये टप्पे पाडत चित्रपट पाही. प्रेस गाडी चालवत आणि मुलगा दाराबाहेर झुकून धावत्या रस्त्यावर चेंडूला टप्पे देई. वडील वेग कमी-अधिक करत आणि मुलाने हाताची लय त्याप्रमाणे बदलायची. रात्री अंथरुणावर पडून तो छताकडे चेंडू फेकी, मनगटाची लकब तपासत मनाशी पुटपुटे आणि चेंडू कुशीत घेऊन झोपे. या हकिगती इतक्या वेळा सांगितल्या गेल्या आहेत की त्यांना आख्यायिकेची झिलई चढली आहे. तरी मुख्य धागा सगळीकडे तोच आहे, आणि त्याच्या हातांचे उपलब्ध चित्रण पाहिले की अतिशयोक्ती झाली असेल तर थोडीच झाली असावी, असे वाटते.

जॉन वुडन हे कॅलिफोर्नियाच्या यूसीएलए विद्यापीठाचे प्रशिक्षक, कॉलेज बास्केटबॉलमधले त्या काळचे सर्वांत यशस्वी गुरू, आणि प्रेस यांचे स्नेही. एका उन्हाळी शिबिरात पीटच्या हातचलाखीचा खेळ पाहून ते थक्क झाले. पण त्यांनी मित्राला विचारले ते असे की, हे सगळे शिकायला या मुलाला किती तास लागले असतील, आणि तेच तास बचावात पाय कसे हलवावेत हे शिकण्यात गेले असते तर अधिक बरे झाले नसते का? प्रेस यांचे उत्तर ठरलेले होते: हा मुलगा दहा लाख डॉलर मिळवणारा पहिला व्यावसायिक खेळाडू होणार आहे. या दोन वाक्यांत दोन पंथ आहेत. वुडन यांचा प्रश्न संघाचा होता आणि प्रेस यांचे उत्तर एका मुलाचे होते. मला इथे प्रेस यांची बाजू घ्यावीशी वाटते आणि घेता येत नाही, कारण वुडन यांच्या प्रश्नात ‘तास’ हा शब्द आहे, आणि ते तास कोणाचे होते हे कोणीच विचारलेले नाही.

प्रेस यांच्या नोकरीबरोबर कुटुंब फिरत राहिले. १९५६ मध्ये ते दक्षिण कॅरोलायनातल्या क्लेमसनला प्रशिक्षक झाले आणि पीट तिथल्या डॅनियल हायस्कूलमध्ये आठवीत असतानाच मोठ्या मुलांच्या संघातून खेळू लागला. काडीसारखा मुलगा, छातीपर्यंत चेंडू उचलून फेकण्याइतके बळ नव्हते, म्हणून तो कमरेजवळून फेकी, कमरेच्या पट्ट्यातून पिस्तूल काढावे तसा. त्यावरून ‘पिस्टल पीट’ हे नाव पडले. वयाने मोठ्या सहकाऱ्यांना हा प्रशिक्षकाचा पोरगा खुपत असे आणि ते त्याला चेंडू देत नसत. मग तो चेंडू मिळवून स्वतःकडेच ठेवायला शिकला. गार्ड म्हणजे मागून चेंडू आणणारा, खेळ रचणारा, दुसऱ्याला संधी काढून देणारा खेळाडू. ज्याला सुरुवातीला कोणी चेंडूच दिला नाही, तो उत्तम पास देणारा गार्ड झाला, आणि त्याच वेळी कोणीही थांबवू शकणार नाही इतक्या वेळा बास्केटवर चेंडू मारणाराही झाला. ही दोन्ही अंगे एकाच मुळातून फुटली असावीत, असा माझा कयास आहे.

पुढे प्रेस नॉर्थ कॅरोलायना स्टेट विद्यापीठात गेले आणि १९६४ मध्ये एव्हरेट केस यांची प्रकृती खालावल्यावर मुख्य प्रशिक्षक झाले. पीट रॅली शहरातल्या ब्रॉटन हायस्कूलमध्ये खेळला आणि मग एक वर्ष सेलमबर्गच्या एडवर्ड्स मिलिटरी इन्स्टिट्यूटमध्ये काढले. वडिलांचे विद्यापीठ ज्या विद्यापीठांच्या गटात खेळे, तिथे प्रवेशासाठी एसएटी परीक्षेत किमान ८०० गुणांची अट होती आणि पीटचे गाडे तिथे अडले. पुस्तकी गृहपाठात मुलगा कच्चा राहिला होता. त्याच सुमारास बॅटन रूजमधल्या लुईझियाना स्टेट युनिव्हर्सिटीने, म्हणजे एलएसयूने, प्रेस यांना बोलावले. बोलावणे एकाला असले तरी अपेक्षा दोघांची होती. पीटच्या मनात वेस्ट व्हर्जिनिया विद्यापीठ होते, आणि एलएसयू हे तर फुटबॉलचे गाव. बास्केटबॉलला तिथे कोणी विचारत नव्हते. त्यावर, सही केली नाहीस तर या घरात पाऊल ठेवू नकोस, असे प्रेस यांनी मुलाला बजावल्याचे सांगितले जाते. पीटने सही केली. अंगणात ज्याला मुद्दाम बोलावले नव्हते, त्याला आता नाही म्हणायची मुभा राहिली नव्हती. माझ्या लेखी या दोन प्रसंगांमधले अंतर हीच खरी कथा आहे. बाकीचे आकडे तिच्याभोवती गोळा झालेले आहेत.

आकडे मात्र थोर आहेत, आणि ते बाजूला सारणे हाही अन्यायच होईल. त्या काळी पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्याला विद्यापीठाच्या मुख्य संघातून खेळता येत नसे. नवागतांचा वेगळा संघ असे आणि त्याचा सामना मुख्य सामन्याआधी होई. हा नियम १९७२ मध्ये गेला. एलएसयूचे सामने जॉन एम. पार्कर ॲग्रिकल्चरल कॉलिसियममध्ये होत. नावातच शेती आहे: गुराढोरांची प्रदर्शने आणि रोडिओ भरवण्यासाठी बांधलेली ही इमारत, म्हणून लोक तिला ‘काऊ पॅलेस’ म्हणत. १९६६-६७ च्या हंगामात या गुरांच्या महालात एक चमत्कारिक दृश्य दिसू लागले. नवागतांच्या सामन्याला गर्दी लोटायची आणि तो संपला की लोक उठून घरी जायचे. मुख्य संघ रिकाम्या होत जाणाऱ्या खुर्च्यांपुढे खेळायचा. पीटने पहिल्याच सामन्यात ५० गुण केले आणि हंगामात सरासरी ४३.६. नवागतांनी १८ पैकी १७ सामने जिंकले. प्रेस यांच्या मुख्य संघाने २६ पैकी ३ जिंकले. बाप हरत होता आणि त्याच दिवशी, त्याच लाकडी कोर्टावर, तासाभरापूर्वी मुलगा जिंकलेला असे.

पुढची तीन वर्षे पीट मुख्य संघात होता आणि तिन्ही वर्षी देशात सर्वाधिक गुण त्याचेच होते: सरासरी ४३.८, ४४.२ आणि ४४.५. एकूण ८३ सामने, ३६६७ गुण, सरासरी ४४.२. जिच्याबाहेरून मारलेल्या चेंडूला तीन गुण मिळतात, ती तीन गुणांची रेषा तेव्हा कॉलेजच्या कोर्टावर नव्हती. ती देशभर १९८६-८७ मध्ये आली. म्हणजे वीस-पंचवीस फुटांवरून मारलेला चेंडूही दोनच गुण देई. त्याचे असे १३८७ नेम बास्केटमध्ये गेले, शिवाय ८९३ फ्री थ्रो, म्हणजे प्रतिस्पर्ध्याच्या चुकीबद्दल मिळणाऱ्या एकेका गुणाच्या मोकळ्या फेकी, आणि हे सगळे ढगळ, घोट्यावर घसरलेल्या करड्या मोज्यांत. त्या मोज्यांसारखे मोजे आणि कपाळावर झुलणारे केस लुईझियानातली शाळकरी पोरे मिरवू लागली होती.

पण ८३ सामन्यांत त्याने बास्केटवर ३१६६ वेळा चेंडू मारला, म्हणजे दर सामन्याला ३८ वेळा. इतर चार जणांच्या वाट्याला काय उरत असेल, हे सांगायला गणिती लागत नाही. ७ फेब्रुवारी १९७० रोजी अलाबामाविरुद्ध त्याने ६९ गुण केले आणि एलएसयू १०६-१०४ असे हरले. त्याच हंगामाच्या सुरुवातीला, डिसेंबर १९६९ मध्ये, वुडन यांच्या यूसीएलएने एलएसयूला १३३-८४ असे धुऊन काढले होते. शिबिरातल्या त्या प्रश्नाचे उत्तर वुडन यांच्या संघाने स्वतःच देऊन टाकले म्हणायचे. मात्र ज्या संघाने मागे २६ पैकी ३ सामने जिंकले होते, तो १९६९-७० मध्ये २२ सामने जिंकून न्यूयॉर्कला एनआयटी या कॉलेज संघांच्या राष्ट्रीय स्पर्धेच्या उपांत्य फेरीपर्यंत गेला, हेही खरे आहे. प्रेस यांनी मुलाला मारू दिले, आणखी मार म्हणून सांगितले. प्रशिक्षक म्हणून तो जुगार होता, आणि प्रेक्षागृह भरलेले असल्याने कोणी हरकत घेत नव्हते.

आणखी एक गोष्ट या आकड्यांच्या आड राहते. दक्षिणेतल्या ज्या गटात, साउथईस्टर्न कॉन्फरन्समध्ये, पीट खेळला, तिथे त्याच्या मुख्य संघातल्या पहिल्या वर्षापर्यंत एकही कृष्णवर्णीय बास्केटबॉलपटू नव्हता. १९६७-६८ मध्ये व्हँडरबिल्ट विद्यापीठाचा पेरी वॉलेस हा पहिला. एलएसयूच्या संघात कॉलिस टेंपल आला तो १९७१ मध्ये, पीट निघून गेल्यावर. पाठीमागून पास, पायांमधून चेंडू, न पाहता दिलेली फेक, हा सगळा नखरा हार्लेम ग्लोबट्रॉटर्स या कृष्णवर्णीय खेळाडूंच्या करमणूकप्रधान संघात आणि कृष्णवर्णीय वस्त्यांमधल्या मैदानांवर आधीपासून होता. पीटने तो मन लावून आत्मसात केला आणि त्याचे श्रेय त्याने नाकारले नाही. पण गोऱ्या मुलाने तो केला की लोक त्याला जादू म्हणत, आणि ज्यांच्याकडून तो आला त्यांना त्या गटाच्या संघांत जवळजवळ जागाच नव्हती. विक्रमाचे मोल यामुळे शून्य होत नाही, पण तो कोणाविरुद्ध झाला हे विचारल्यावाचून मला तो वाचता येत नाही.

३१ जानेवारी १९७० रोजी मिसिसिपी विद्यापीठाविरुद्धच्या सामन्यात पीटने ऑस्कर रॉबर्टसनचा कॉलेज कारकिर्दीतल्या एकूण २९७३ गुणांचा विक्रम मागे टाकला. खेळ थांबवावा लागला. सहकाऱ्यांनी त्याला खांद्यावर घेतले. त्या वर्षी सर्वोत्तम कॉलेज खेळाडूचा नेस्मिथ पुरस्कार मिळाला, अटलांटा हॉक्स या व्यावसायिक संघाने नव्या खेळाडूंच्या वार्षिक निवडीत त्याला तिसऱ्या क्रमांकावर घेतले आणि करार दहा लाखांच्याही पुढे, एकोणीस लाख डॉलरच्या घरात गेला. प्रेस यांनी वुडन यांना सांगितलेला आकडा खरा ठरला.

या सगळ्यात आई कुठे होती, असा प्रश्न मला बराच उशिरा पडला, आणि उशिरा पडल्याची लाजही वाटली. हेलन मॅराविच यांचे पहिले पती महायुद्धात मारले गेले होते. प्रेस यांच्याशी त्यांचे दुसरे लग्न. नवरा आणि मुलगा ज्या भाषेत बोलत, त्या भाषेत त्यांना जागा नव्हती. त्या दारूच्या आहारी गेल्या आणि १९७४ मध्ये त्यांनी आत्महत्या केली. पीटलाही दारूने कोवळ्या वयातच गाठले होते, हे त्याने पुढे मोकळेपणाने सांगितले. गुडघ्यांनी त्याला १९८० मध्ये निवृत्त केले. एप्रिल १९८७ मध्ये प्रेस गेले. शेवटच्या काळात पीटने त्यांची शुश्रूषा केली. त्यानंतर वर्षही झाले नव्हते, तोच ५ जानेवारी १९८८ रोजी पॅसाडीनातल्या एका चर्चच्या जिममध्ये सहज खेळताना पीट कोसळला. वय ४०. शवविच्छेदनात कळले की हृदयाला रक्त पुरवणारी डावी मुख्य धमनी त्याला जन्मापासूनच नव्हती. गाडीतून झुकलेला, अंधारात टप्पे पाडणारा, सामन्याला ३८ वेळा चेंडू मारणारा तो मुलगा सगळे काही एकाच बाजूच्या रक्तावर करत आला होता.

३६६७ हा आकडा मात्र चौपन्न वर्षे टिकला. ३ मार्च २०२४ रोजी आयोवा विद्यापीठाची केटलिन क्लार्क ही गार्ड तो ओलांडून गेली आणि ३९५१ वर थांबली. पुरुषांमध्ये तो अजून अभेद्य आहे, पण केवढ्याशा फटीतून तो वाचला ते मला क्लार्कच्या पराक्रमापेक्षा अधिक लक्षात राहिले आहे. डेट्रॉइट मर्सी विद्यापीठाचा अँटवान डेव्हिस हाही गार्ड. करोनामुळे त्याला चारऐवजी पाच हंगाम मिळाले आणि तीन गुणांची रेषाही होती. त्याच्या संघाचे प्रशिक्षक होते माइक डेव्हिस, त्याचे वडील. २ मार्च २०२३ रोजी गटाच्या स्पर्धेतल्या सामन्यात बरोबरीसाठी त्याला २५ गुण हवे होते. त्याने २२ केले. शेवटच्या मिनिटांत रेषेबाहेरून मारलेले चेंडू रिंगला लागून परत आले, एकही आत गेला असता तर तो पीटशेजारी जाऊन बसला असता. संघ हरला आणि हंगाम संपला. वडील बाकावर होते. सामना होता ओहायोतल्या यंग्सटाउनमध्ये, जिथे सत्त्याहत्तर वर्षांपूर्वी प्रेस मॅराविच नावाचा एक गार्ड, मुलगा व्हायच्या आधी, थोड्याशा पैशांसाठी खेळत असे.